तुम्ही विचारलंत म्हणून: मोठा रोल कधी?

‘एवढी वर्षं काम करताय, मग मोठा रोल का मिळत नाही?’ सांगलीत भडंग घ्यायला थांबलो तरी हा प्रश्न येतो, लग्नाच्या पंगतीत तर येतोच. विचारणाऱ्याला माझ्याबद्दल कळवळा असतो, म्हणून एकदा नीट सांगतो.

मालिकेत आणि सिनेमात मी तलाठी असतो, हवालदार असतो, मुलीचा मामा असतो. शूटिंग कधी कोल्हापूरला, कधी वाईला. पहाटेचा कॉल टाईम, म्हणजे सेटवर हजर व्हायची वेळ, दिवसभर बसून राहणं आणि दिवस कलल्यावर दोन वाक्यं. पैसे 90 दिवसांनी. मालिकेतला आपल्या पात्राचा ट्रॅक, म्हणजे कथेचा धागा, संपला की फोन येणं बंद. यावर घर चालत नाही. नोकरीत होतो तोवर रजा टाकून कामं केली, आता पेन्शन आहे.

पण त्या दोन वाक्यांचं सांगतो. एका मालिकेत तलाठी केला. नवरा गेलेली बाई सातबाऱ्यावर नाव लावून घ्यायला येते आणि मी म्हणतो, ‘कागद अपुरे आहेत. सोमवारी या.’ बस्स. त्यासाठी मिरज तालुक्यातल्या एका तलाठी कार्यालयात दोन दिवस बाकावर बसून राहिलो. वारस नोंदीचा अर्ज कसा येतो, मृत्यूचा दाखला कुठं लावतात, फेरफार, म्हणजे नाव बदलाची नोंद, कसा धरतात, हरकतीला 15 दिवस देऊन मग मंडळ अधिकारी नोंद कशी मंजूर करतात, सगळं पाहिलं. आणखी एक दिसलं. समोर माणूस आला तरी तलाठी आधी कागद बघतो, माणूस नंतर. ते काही दुष्टपणानं नव्हे. पोरगं शाळेसाठी दाखला काढायला आलंय की म्हातारी पिकाचे पैसे विचारायला आलीय, सगळं त्या कागदावरनंच कळतं.

शॉटमध्ये मी तेच केलं. स्पंजावर बोट ओलं करून पानं उलटत राहिलो. तिनं नवऱ्याचं नाव घेतलं तेव्हा बोट थांबलं आणि मग वर बघितलं. दिग्दर्शकानं असं काही सांगितलं नव्हतं. ती बाई करणाऱ्या पोरीचा पुढचा संवाद मात्र आतून आला. तिला बघणारा कुणीतरी मिळाला होता.

मी ज्या कामासाठी जातो ते हेच. समोरच्याचं ऐकणं.

एकदा याच्या उलट झालं. मोठ्या नटाबरोबर प्रसंग होता. माझ्या मुलीचं लग्न मोडल्याचं तो मला सांगतो. त्याचा क्लोजअप झाला, मी लेन्सशेजारी उभा राहून त्याला क्यू दिले, म्हणजे माझी वाक्यं बोलत राहिलो. माझा क्लोज लागला तेव्हा तो गाडीत बसून निघून गेलेला. सहायकानं कागद बघून त्याची वाक्यं सपाट वाचली, आणि स्टँडला चिकटवलेल्या टेपच्या तुकड्याकडं बघत मी बाप झालो. फार लागलं मनाला. समोरच्याला क्यू दिल्याशिवाय सेट सोडायचा नाही, हे त्या रात्री एसटीत ठरवलं. आजवर पाळलंय, रात्रीचे दोन वाजले तरी.

आमच्याच सांगलीत 5 नोव्हेंबर 1843 ला विष्णुदास भाव्यांनी ‘सीता स्वयंवर’ केलं, मराठीतलं पहिलं मानलं जाणारं नाटक. त्या खेळात पदं सूत्रधार म्हणायचा आणि त्यावरून प्रसंग ओळखून पात्रं आपापलं बोलायची. आपला नट पहिल्यापासून ऐकून मग बोलणारा आहे. दरवर्षी 5 नोव्हेंबरला भावे नाट्यमंदिरात जाऊन बसलो की मला हे आठवतं.

निळूभाऊ फुल्यांना बायाबापड्या खरोखरचा खलनायक समजायच्या. माणूस प्रत्यक्षात किती मऊ, राष्ट्र सेवा दलात घडलेला! मला कुणी शिव्या दिल्या नाहीत, पण गेल्या पावसाळ्यात एसटी स्टँडवर एक बाई माझ्याकडं टक लावून बघत होत्या. जवळ आल्या आणि पिशवीतनं प्लास्टिकमध्ये गुंडाळलेले कागद काढले.

‘भाऊसाहेब, आमचं मालक जाऊन वरीस झालं. अजून नाव लागंना. तुमीच सांगा आता.’

मी तलाठी नाही, असं ओठावर आलं होतं. पण त्यांनी कागद माझ्या हातात दिलेसुद्धा. तिथंच बाकावर बसून एकेक पान बघितलं. मृत्यूचा दाखला होता. अर्जात थोरल्या मुलीचं नाव राहिलं होतं.

‘मावशी, मी नाटकातला माणूस आहे,’ मी म्हणालो, ‘पण हे एवढं नाव घालून अर्ज पुन्हा द्या. आणि दिल्याची पोच घ्या.’

त्यांनी माझ्याकडनं पेन मागून घेतलं आणि मुलीचं नाव मला कागदाच्या मागं लिहायला लावलं. गाडी लागली तशा गेल्या. मला वाईची गाडी धरायची होती, दुसऱ्या दिवशी पहाटे पाचचा कॉल होता. हवालदार.