कितवं पाणी?

माझ्या कादंबरीतले ओसर लोक नकाशात नाहीत, इतिहासातही नाहीत. वाळवंटात तांडा घेऊन फिरणारी आणि वेळेचं भान अंगात मुरलेली ही माणसं मी पेडण्यातल्या मांद्र्यात, घराच्या बलकावात, म्हणजे पुढच्या पडवीत, बसून उभी केली. त्याला अडीच वर्षं लागली. नाव शोधायलाच दोन महिने गेले. सुरुवातीला अरबी वळणाची नावं करून पाहिली, पण ती कानाला उसनी वाटत होती. मग एकदा आई म्हणाली, "पावसाने ओसर दिलाय, कपडे वाळत घाल," आणि तो शब्द मी तिथेच उचलला. ओसर म्हणजे मधली उसंत. माझी माणसं अशाच उसंतींवर जगणारी होती.

पहिला खर्डा फसला. त्यात मी त्यांच्या हातात वाळूचं घड्याळ दिलं होतं. वाळवंट आहे, वाळू आहे, तेव्हा घड्याळही वाळूचंच असणार, एवढाच माझा विचार. आमच्या शाळेतल्या भूगोलाच्या सरांनी ती पानं वाचली आणि विचारलं, "मास्तर, काच कुठून आणली?" माझ्याकडे उत्तर नव्हतं. वाळूची घड्याळं जहाजांवर असायची, अर्ध्या अर्ध्या तासाने उलटी करायची. तांड्याला त्यांचा काय उपयोग? मग घटिकापात्राचा विचार केला. तळाला भोक असलेली तांब्याची वाटी पाण्यावर सोडायची, ती बुडाली की एक घटका, म्हणजे 24 मिनिटं. पण वाटी तरंगवण्यापुरतं पाणी उघड्यावर ठेवील, असा माणूस वाळवंटात सापडणार नाही.

शेवटी साधनं बाजूला ठेवली आणि अंगणात उभा राहिलो. आपली सावली आपल्याच पावलांनी मोजायची. उंच माणसाचं पाऊलही लांब असतं, त्यामुळे हिशेब कुणालाही साधारण सारखाच लागतो. डिसेंबरच्या अखेरीस भर दुपारी माझी सावली साडेपाच पावलांच्या आसपास होती. मेच्या पहिल्या आठवड्यात सूर्य डोक्यावर आला तेव्हा अंगणातल्या कळशीची सावली कळशीच्या बुडाखाली गेली, बाहेर काळी रेघसुद्धा उरली नाही. मी त्या कळशीकडे किती वेळ बघत बसलो असेन! ऑगस्टात सूर्य पुन्हा तसाच माथ्यावर येतो, पण आपल्याकडे तेव्हा पाऊस असतो. ओसरांसाठी मात्र मी या बिनसावलीच्या दुपारचा दिवस पाळायचा ठरवला. त्या दुपारी कुणी कुणाला काही मागत नाही, कारण नवस, उसनं, वचन सगळ्याला सावली साक्षी लागते आणि तेव्हा ती नसते.

तरीही हे सगळं चालीरीतींची यादी वाटत होतं. वाट सापडली ती समुद्रावर. आमच्याकडच्या एका म्हाताऱ्या रापणकाराला, म्हणजे किनाऱ्यावरून जाळं ओढणाऱ्याला, मी भरतीची वेळ विचारली आणि सवयीने मनगटाकडे पाहिलं. तो म्हणाला, "मास्तर, घड्याळ कित्याक? पाणी बघा." तिथीची पाऊणपट केली की भरतीचा तास निघतो, हा त्याचा हिशेब. अष्टमीला आठची पाऊणपट सहा, मग थोडं मागेपुढे. भरती रोज पन्नासेक मिनिटं पुढे सरकते, तसा त्याचा दिवसही सरकतो. वेळ चुकली तर काय, असं मी विचारलं. तो म्हणाला, "मग जाळं सुकं."

त्या रात्री मी सगळी पानं बाजूला ठेवून वहीत एकच प्रश्न लिहिला: ओसरांची वेळ चुकली तर काय सुकं राहील?

उत्तर उघड होतं. दोन विहिरींमधलं अंतर ते पखालीतल्या पाण्याने मोजतात. उन्हात चालणाऱ्याला पाणी फार लागतं, म्हणून चालायचं रात्री, चंद्राच्या उजेडात. पौर्णिमेनंतर चंद्र रोज सरासरी पन्नास मिनिटं उशिरा उगवतो आणि वद्य अष्टमीला तर मध्यरात्रीच्या सुमाराला. म्हणजे सूर्यास्त आणि चंद्रोदय यांच्यातला काळोख रोज वाढत जातो आणि तांडा त्यात बसून राहतो. ओसरांची अख्खी संस्कृती मला त्या काळोखात सापडली. सोयरिकी तिथे जुळतात, भांडणं तिथे मिटतात, गोष्टी तिथे सांगितल्या जातात. तृतीयेच्या गोष्टी आखूड आणि सप्तमीच्या लांब. चंद्र वर आला की गोष्ट असेल तिथे थांबते आणि माणसं उठतात.

मग बाकीचं भराभर आलं. वय ते वर्षांत सांगत नाहीत. सांडणी साधारण तेरा महिने गाभण असते आणि पुन्हा विते ती दोनेक वर्षांनी, म्हणून मूल 'सातव्या वेताचं' म्हणजे चौदाच्या आसपासचं. आपल्याकडे गाईला लावतात तो वेत हा शब्द तिथे इतका चपखल बसला की मला भरून आलं.

पणजीच्या मध्यवर्ती ग्रंथालयात बसून बदू आणि तुआरेग या वाळवंटातल्या भटक्या लोकांबद्दल वाचलं तेही सांगायला हवं. तुआरेगांकडे पाहुण्याला चहाचे तीन पेले देतात. ते तसंच उचलायचा मोह झाला होता, पण ती त्यांची रीत आहे, माझ्या कल्पनेची सामग्री नव्हे, म्हणून सोडून दिलं. अगस्तीचा तारा मात्र ठेवला. अरबांचा सुहैल तोच. ऑगस्टअखेरीस तो पहाटे दिसू लागला की उन्हाळा सरत आल्याची खूण, आणि आपल्याकडे अगस्तीचा उदय झाला की पावसाचं गढूळ पाणी निवळतं म्हणतात. फेब्रुवारीत रात्री नऊच्या सुमाराला किनाऱ्यावर गेलो की व्याधाच्या खाली, दक्षिणेला तो दिसतो. गोव्याहून जेवढा वर दिसतो त्याहून उत्तरेकडच्या माझ्या वाळवंटातून तो थोडा खाली दिसणार. एवढं गणित जमेपर्यंत मी ते प्रकरण लिहायला घेतलं नाही.

आता कादंबरीची सुरुवात अशी आहे. दोन अनोळखी माणसं वाळूत समोरासमोर येतात. नाव, गाव कुणी विचारत नाही.

"कितवं पाणी?" म्हातारी विचारते. म्हणजे विहीर सोडून किती दिवस झाले?

"पाचवं," पोरगा म्हणतो.

तिचं अजून दुसरंच पाणी असतं. ती खाली बसते आणि खांद्यावरची पखाल त्याच्या बाजूला सरकवते.