नसलेल्या दोन जाळ्यांच्या मागावर : पादुआ ते पाविया

कनिष्ठ महाविद्यालयात जीवशास्त्र शिकवत असताना चेतापेशीची आकृती मी फळ्यावर किती वेळा काढली, याचा हिशेब नाही. एका पेशीचा अक्षतंतू, म्हणजे तिच्यातून संदेश बाहेर नेणारा लांब तंतू, दुसरीच्या वृक्षिकेपर्यंत, म्हणजे संदेश घेणाऱ्या फांदीपर्यंत, आणायचा, तेथे बोटभर जागा मोकळी सोडायची आणि "येथे जोड नाही, फट आहे" असे बजावायचे, हा दरवर्षीचा पाठ होता. ती फट शास्त्रज्ञांना मान्य होण्यासाठी केवढा वाद झाला होता, हे मी निवृत्तीनंतर वाचले. मेंदूविषयी वाचता वाचता आणखी एक गोष्ट लक्षात आली की, या अवयवाच्या अभ्यासात निरनिराळ्या काळी दोनदा जाळी दिसली होती, दोन्ही वेळा ती मोठ्या माणसांना दिसली होती आणि मानवी मेंदूत ती दोन्ही नव्हती. पहिल्या जाळ्याचा निकाल उत्तर इटलीतील पादुआत शिकवणाऱ्या एका तरुणाने लावला, तर दुसरे जाळे मिलानच्या आसपासच्या प्रदेशात विणले गेले. भाची मिलानमध्ये शिकत असल्यामुळे राहण्याचा प्रश्न नव्हता, म्हणून ऑक्टोबरमध्ये आठ दिवसांची सवड काढून मी निघाले.

पादुआचे विद्यापीठ १२२२ सालचे आहे आणि त्याच्या मुख्य वास्तूला गावातले लोक आजही नुसते 'बो' म्हणतात. 'बो' म्हणजे बैल. पूर्वी या जागी बैलाच्या नावाची एक खाणावळ होती आणि तिचे नाव विद्यापीठाला चिकटले. हा बैल पुढे वेगळ्याच कारणाने उपयोगी पडेल, याची मला तेव्हा कल्पना नव्हती. आतले शवविच्छेदनगृह मार्गदर्शकाबरोबरच पाहता येते. येथला शरीररचनेचा अध्यापक फाब्रिची याने १५९५ मध्ये उभारलेले हे लाकडी सभागृह जगात टिकून राहिलेले सर्वांत जुने कायमस्वरूपी शवविच्छेदनगृह आहे. वर चढण्याची परवानगी नाही. पाहुण्यांना खालून, जेथे शव ठेवण्याचे मेज असे त्या जागेखालून, आत नेतात आणि मान वर करून पाहायला सांगतात. अक्रोडाच्या लाकडाचे सहा लंबवर्तुळाकार सज्जे एकावर एक असे रुंदावत गेले आहेत. बसायला जागा नाही, कठड्याला रेलून दाटीवाटीने उभे राहायचे. मी जेथे उभी होते तेथून वर पाहताना, प्रेताला डोळे असते तर त्याला जे दिसले असते तेच आपल्याला दिसत आहे, हा विचार टाळता येत नाही. भाची म्हणाली, "मावशी, विहिरीत पडल्यासारखं वाटतंय." मला याहून चांगली उपमा सुचली नाही.

मात्र मी ज्याच्यासाठी गेले होते तो आंद्रेआस वेसालियस या सज्ज्यांखाली कधीच उभा राहिला नव्हता, हे सांगितले पाहिजे, कारण प्रवासी लेखनात ही गल्लत वारंवार आढळते. तो १५३७ मध्ये, तेविशीही पूर्ण झालेली नसताना, पादुआत शल्यशास्त्र आणि शरीररचना शिकवू लागला आणि १५४३ मध्ये त्याचा शरीररचनेवरील महाग्रंथ बाझेलमध्ये छापला गेला. हे सभागृह त्यानंतर अर्ध्या शतकाने आले. त्याच्या काळी हिवाळ्यात, शव लवकर नासू नये म्हणून, तात्पुरते लाकडी मंच उभारून विच्छेदने होत.

त्या ग्रंथाचा सातवा भाग मेंदूचा आहे. त्यातल्या चित्रांत माणसाचे डोके वरून खाली थराथराने कापत नेले आहे आणि खालचा चेहरा मात्र शांतपणे जागच्या जागी आहे. ही चित्रे पाहताना त्यांच्या आधी काय मानले जात होते, हे ठाऊक असले तरच त्यांचे धाडस कळते. दुसऱ्या शतकातल्या गेलन या ग्रीक वैद्याचे म्हणणे असे होते की, मेंदूच्या तळाशी रक्तवाहिन्यांचे एक 'अद्भुत जाळे' असते आणि हृदयाकडून आलेले प्राणतत्त्व त्यात गाळून अधिक सूक्ष्म होते, मग ते मेंदूतील पोकळ्यांत साठते आणि मज्जातंतूंमधून देहभर पसरते. चौथ्या शतकापासून या पोकळ्यांची वाटणीही झाली होती : पुढच्या पोकळीत कल्पना, मधल्या पोकळीत विचार, मागच्या पोकळीत स्मृती. चित्र मोठे सुबक होते आणि हजारभर वर्षे कोणालाही ते बदलावेसे वाटले नाही. अडचण एवढीच होती की, गेलनने विच्छेदने केली ती बैल, डुक्कर, माकड यांची. बैलामेंढ्यांच्या मेंदूखाली ते जाळे खरोखरच असते. माणसाच्या मेंदूखाली ते नसते.

वेसालियसचे मोठेपण त्याला जाळे दिसले नाही यात आहेच, पण त्याच्या कबुलीत मला ते अधिक वाटते. १५३८ मध्ये छापलेल्या आपल्याच तक्त्यांत त्याने ते जाळे काढले होते. पुढे महाग्रंथात त्याने लिहून ठेवले की, माणसाच्या डोक्याचे जाहीर विच्छेदन करताना आपण शेजारी बैलाचे किंवा कोकराचे डोके ठेवत असू, म्हणजे माणसात जे सापडत नाही ते जनावरात दाखवता येईल. शेकडो माणसांसमोर शिकवणारा हा बुद्धिमान माणूस समोर नसलेली गोष्ट बाजूच्या बैलातून उसनी घेत होता आणि गेलनवरील भक्तीपायी आपण असे केले, हे नंतर स्वतःच सांगत होता. अठ्ठावीस वर्षे पाठ्यपुस्तक शिकवल्यानंतर मला ही कबुली फार जवळची वाटते. प्रयोगशाळेत स्लाइडवर नीट काही दिसत नसताना "पुस्तकातली आकृती बघा आणि ती काढा" असे मीही विद्यार्थ्यांना सांगितलेले आहे. बाहेर पडताना दारावरचे 'बो' हे नाव पुन्हा वाचले आणि त्या विद्यापीठाने आपला बैल आधीच पाटीवर लावून ठेवला होता, याचे हसू आले.

पादुआहून बोलोन्या गाडीने तासाभराच्या अंतरावर आहे. तेथे मी अर्धाच दिवस थांबले. आर्किजिनाझियो या जुन्या विद्यापीठवास्तूतील शवविच्छेदनगृह दिसायला पादुआच्या सभागृहाहून कितीतरी देखणे आहे : बसायला बाके, भिंतींवर नामांकित वैद्यांचे पुतळे आणि अध्यापकाच्या आसनावरचे छत तोलून धरणारे दोन लाकडी पुरुष, ज्यांची कातडी काढलेली आहे आणि प्रत्येक स्नायू कोरलेला आहे. मात्र २९ जानेवारी १९४४ रोजीच्या बॉम्बहल्ल्यात हे दालन कोसळले होते आणि आज दिसते ते ढिगाऱ्यातून वेचलेले तुकडे जुळवून पुन्हा उभे केलेले आहे. पुतळ्यांमध्ये हातात नाक घेतलेला तालियाकोत्सी आहे. दंडाची कातडी वापरून तो कापलेले नाक नवे करत असे. त्याला पाहून पुण्याजवळ कपाळाच्या कातडीने कावसजी या गाडीवानाचे नाक जोडले गेले आणि ती हकीकत १७९४ साली लंडनच्या मासिकात छापून आली, हे आठवले; पण तो विषय वेगळा आहे.

माझ्या विषयाचा माणूस बाहेर चौकात उभा होता. लुइजी गाल्वानीचा संगमरवरी पुतळा हातातल्या फळीवरच्या बेडकाकडे पाहत असतो. बेडकाच्या तंगडीचा झटका हा शाळेतला धडा आहे, परंतु मेंदूच्या इतिहासात त्याचे स्थान काय, हे आम्ही कधी सांगत नाही. १७९१ मध्ये गाल्वानीने आपला निबंध प्रसिद्ध केला आणि मज्जातंतूंतून वाहणारे ते सूक्ष्म प्राणतत्त्व, जे गेलनच्या जाळ्यात गाळले जात होते, त्याच्या जागी प्राण्याच्या अंगची वीज आणून ठेवली. पावियाच्या व्होल्टाने त्याला विरोध केला. ही वीज बेडकाची नसून दोन धातूंच्या स्पर्शाची आहे, असे त्याचे म्हणणे होते आणि त्या वादातूनच १८०० मध्ये त्याची विद्युतघटांची चळत जन्माला आली. त्या प्रयोगांपुरते व्होल्टाचे बरेचसे खरे होते, पण मज्जातंतूत वीज असते हे गाल्वानीचे मूळ म्हणणे शेवटी टिकले. नव्या राजवटीशी निष्ठेची शपथ घ्यायला त्याने नकार दिला म्हणून त्याची जागा गेली आणि १७९८ मध्ये तो वारला. त्याचा भाचा आल्दिनी याने १८०२ मध्ये याच शहरात देहदंड झालेल्यांच्या मस्तकांना वीज लावली. चौकातल्या एका बाकावर बसून मी हे भाचीला सांगितले, तेव्हा तिने समोरची कॉफी थोडी बाजूला सरकवली.

दुसऱ्या जाळ्यासाठी मिलानला परतून नैर्ऋत्येकडच्या आब्बियातेग्रास्सोला गेलो. कालव्याकाठचे हे साधे गाव पर्यटकांच्या यादीत नसते. १८७२ मध्ये कामिल्लो गोल्जी येथल्या असाध्य रुग्णांच्या इस्पितळात मुख्य वैद्य म्हणून आला. त्याला संशोधन करायचे होते, पण वडिलांचा आग्रह पक्क्या नोकरीचा होता. प्रयोगशाळा नव्हती, म्हणून त्याने स्वयंपाकघरात सूक्ष्मदर्शक मांडला. मेंदूचा पातळ काप त्या काळच्या रंगांत बुडवला की सगळेच रंगत असे आणि गर्द झाडीत एका झाडाची फांदी कुठवर गेली, हे कळू नये तशी अवस्था होई. गोल्जीने मेंदूचे तुकडे पोटॅशियम डायक्रोमेटमध्ये मुरवून घट्ट केले आणि मग सिल्व्हर नायट्रेटमध्ये ठेवले. असंख्य पेशींपैकी मोजक्याच पेशी काळ्या झाल्या, पण ज्या झाल्या त्या संपूर्ण, शेवटच्या बारीक फांदीपर्यंत, पिवळसर पार्श्वभूमीवर शाईने काढल्यासारख्या. १८७३ च्या फेब्रुवारीत त्याने मित्राला आनंदाने कळवले की, ही प्रक्रिया आंधळ्यालाही मेंदूची घडण दाखवील. पद्धतीची सारी गंमत तिच्या अपुरेपणात आहे : सगळ्या पेशी रंगल्या असत्या तर काहीच दिसले नसते.

ते इस्पितळ अजूनही आहे. वृद्धांची शुश्रूषा करणारी संस्था म्हणून चालते आणि तिला गोल्जीचेच नाव दिले आहे. मी फाटकाबाहेरूनच पाहिले. आत माणसे आजारी आहेत आणि एका स्वयंपाकघराच्या कुतूहलापायी त्यांच्यात डोकावणे मला बरे वाटले नाही.

पाविया मिलानच्या दक्षिणेला अर्ध्या तासावर आहे. विद्यापीठाच्या अंगणांतून हिंडताना व्होल्टाचा पुतळा भेटतो आणि तेथल्या इतिहाससंग्रहालयात आंतोनियो स्कार्पा या शरीररचनाकाराचे मस्तक काचेच्या भांड्यात ठेवलेले आहे, अगदी खरेखुरे. हा पादुआत शिकला, पावियात शिकवू लागला, हृदयाच्या मज्जातंतूंची अप्रतिम चित्रे त्याने प्रसिद्ध केली आणि १८३२ मध्ये मेल्यावर स्वतःच प्रदर्शनवस्तू झाला. आणखी एका माणसाचे नाव येथे घेतले पाहिजे. याच विद्यापीठातल्या बार्तोलोमेओ पानिझ्झाने १८५५ मध्ये दाखवून दिले होते की, दृष्टीचा संबंध मेंदूच्या मागच्या भागाच्या बाहेरच्या थराशी आहे. ब्रोका या फ्रेंच वैद्याने मेंदूतील वाचेची जागा सांगितली ती त्यानंतर, १८६१ मध्ये, पॅरिसमध्ये. तिचा गाजावाजा झाला आणि पानिझ्झाच्या शोधाकडे मात्र कित्येक दशके कोणी पाहिलेच नाही. पाहण्याचे स्थान शोधणारा माणूस न पाहिलेला राहावा, हे मला चटका लावून गेले.

गोल्जीच्या दालनात त्याचे सूक्ष्मदर्शक आणि काचपट्ट्या आहेत. मी मात्र त्याच्या आकृत्यांसाठी आले होते. त्याच्या आधी गेरलाख या जर्मन शास्त्रज्ञाचे मत होते की, पेशींच्या वृक्षिका एकमेकींत मिसळून जाळे बनते. गोल्जीने आपल्या काळ्या रंगाने ते खोडून काढले : वृक्षिका मोकळ्याच संपतात, असे त्याने दाखवले. आणि लगेच त्याने दुसरे जाळे विणले, अक्षतंतूंचे. मेंदूच्या आकृत्यांत पेशी रेखीव, नेमक्या आणि त्यांच्या अक्षतंतूंच्या शाखा मात्र शेवटी एका अखंड, धूसर विणीत विरघळलेल्या. मेंदू तुकड्यातुकड्यांनी नव्हे, एकसंध काम करतो, अशी त्याची ठाम धारणा होती आणि तिला जाळेच शोभत होते. हात त्याचा, डोळा त्याचा, पद्धतही त्याची. पण शेवटची एवढीशी जागा मताने भरून काढली.

१८८७ मध्ये माद्रिदमध्ये सांतियागो रामोन ई काहाल या स्पॅनिश शास्त्रज्ञाने या पद्धतीचे नमुने पाहिले आणि तो झपाटला. त्याने रंगवण्याची क्रिया दोनदा केली आणि प्रौढ मेंदूऐवजी गर्भातल्या व नवजात प्राण्यांचा मेंदू घेतला, कारण तेथे तंतूंवर मायलिनचे वेष्टन चढलेले नसते आणि गर्दीही कमी असते. १८८८ मध्ये त्याने लिहिले की, अक्षतंतूही मोकळेच संपतात. पेशी एकमेकींना भिडतात, मिसळत नाहीत. १९०६ चे नोबेल पारितोषिक दोघांना विभागून मिळाले. ११ डिसेंबरला गोल्जीने स्टॉकहोममध्ये भाषण केले ते बहुतांशी चेतापेशी-सिद्धान्ताविरुद्ध, म्हणजे पेशी सुट्या असतात या मताविरुद्ध, आणि दुसऱ्या दिवशी काहाल उभा राहिला. दोन प्रतिस्पर्ध्यांना सयामी जुळ्यांसारखे खांद्याला खांदा जोडून उभे करणारा दैवाचा क्रूर विनोद, अशा अर्थाचे काहालने पुढे आत्मचरित्रात लिहिले. पेशींमधली फट प्रत्यक्ष दिसली ती १९५० च्या दशकात, इलेक्ट्रॉन सूक्ष्मदर्शकाखाली, आणि तोवर दोघेही हयात नव्हते. काही ठिकाणी पेशी थेट जोडलेल्याही असतात, हे त्यानंतर कळले. माझ्या फळ्यावर तेवढी तडजोड कधी आली नाही.

संध्याकाळी दफनभूमीत गेलो. गोल्जीची कबर मधल्या वाटेवरच आहे, साधीशी, त्याच्या चेहऱ्याचे कांस्यपदक बसवलेली. तो १९२६ मध्ये गेला. भाचीने विचारले, "शेवटपर्यंत त्यांना पटलंच नाही का गं?"

"नाही," मी म्हणाले.

ती थोडा वेळ पदकाकडे पाहत राहिली. मग फाटक बंद व्हायची वेळ झाली म्हणून रखवालदाराने हाताने खूण केली, आणि आम्ही स्टेशनची वाट धरली.