नाटकाला बक्षीस मिळालं, पैसे बँकेत अडकले : माझा अनुभव

राज्य नाट्य स्पर्धेत आमच्या मंडळाला केंद्रावर तिसरा क्रमांक मिळाला. नेपथ्याचं पहिलं बक्षीस आमच्याकडे आलं आणि आमच्या एका मुलीला अभिनयाचं रौप्यपदक मिळालं. हे लिहितानाही ऊर भरून येतो. पण नाटकाबद्दल मी इथे थोडंच लिहिणार आहे. बक्षीस समारंभातून उतरल्यापासून ते पैसे प्रत्यक्ष हातात पडेपर्यंत आम्ही जे भोगलं, ते लिहायचं आहे. मराठवाड्यातल्या दुसऱ्या मंडळांशी बोलले तेव्हा कळलं की थोड्याफार फरकाने सगळ्यांचं हेच आहे, आणि यावर कुणी लिहीत नाही.

आमचं गाव परभणी जिल्ह्यातलं, तालुक्याचं. मंडळ रीतसर नोंदलेलं आहे, मी सचिव. दिवसा शाळेत शिकवते. मुक्तिसंग्राम दिनाला, म्हणजे १७ सप्टेंबरला, संहितेचं पहिलं वाचन करायचं अशी आमच्याकडे रीत आहे. गणपती उठले की शाळेच्या हॉलमध्ये रात्री तालमी. नटांमध्ये एक एसटीचा कंडक्टर, एक कृषी केंद्रवाला, दोन शिक्षक, कॉलेजची मुलं. कंडक्टर दादांची ड्युटी मुक्कामी गाडीवर लागली की त्या दिवशी त्यांचे प्रवेश सोडून बाकीची तालीम घ्यायची, हे ठरलेलं.

प्रवेशिका, संहिता, प्रयोग हे सगळं सुरळीत पार पडलं. एवढंच सांगते की नवी संहिता करणार असाल तर ती रंगभूमी प्रयोग परिनिरीक्षण मंडळाकडे (प्रयोगाआधी संहिता तपासून प्रमाणपत्र देणारं सरकारी मंडळ) लवकर पाठवा आणि प्रमाणपत्राचा क्रमांक हातात आल्याशिवाय निर्धास्त होऊ नका. आधी प्रमाणित झालेली संहिता असेल तर लेखकाकडून तो क्रमांक मागून घ्या. लेखकाचं संमतीपत्र फोनवरच्या होकारावर सोडू नका, सहीचा कागद घ्या.

समारंभाची एक गोष्ट मात्र सांगितल्याशिवाय राहवत नाही. नेपथ्याचं बक्षीस आमच्या मिस्त्री मामांचं. जुन्या वाड्याची देवडी त्यांनी बांबू, गोणपाट आणि प्लायवर अशी उभी केली होती की परीक्षकांपैकी एकांनी प्रयोगानंतर मागे येऊन तिच्यावर हात फिरवून पाहिला. समारंभात नाव पुकारलं तेव्हा मामा विंगेपाशी थांबले, चपला काढल्या, एका बाजूला नीट जोडून ठेवल्या, रंगमंचाला हात लावून तो कपाळाला लावला आणि अनवाणी पुढे गेले. त्यांना हे कुणी शिकवलेलं नाही. सांस्कृतिक कार्य संचालनालयाच्या या स्पर्धेने २०२१-२२ मध्ये साठावं वर्ष गाठलं. इतकी वर्षं ती कुणाच्या जोरावर चालली ते मला त्या क्षणी दिसलं. औरंगाबादेत ‘जिगीषा’ ही नाट्यसंस्था उभी करणाऱ्या चंद्रकांत कुलकर्णी, प्रशांत दळवींसारखी माणसं पुढे मुंबईला जाऊन मोठी झाली, त्यांचा आम्हाला अभिमान आहेच. पण जे गावातच राहिले आणि दर वर्षी दिवाळीनंतर स्वतःच्या खिशातून नाटक उभं करतात, त्यांच्यासाठी वर्षातून एकदा नाव पुकारलं जाण्याची जागा म्हणजे हा समारंभ.

आता मूळ दुखण्याकडे येते.

मामांचं वैयक्तिक बक्षीस त्यांच्या खात्यात जमा झालं, मुलीचंही झालं. संघाचं बक्षीस आणि सादरीकरणाचा खर्च संस्थेच्या खात्यात आला. पासबुक भरून आणलं तर रक्कम छापलेली. कोषाध्यक्षांनी आणि मी चेकवर सह्या केल्या आणि तो काउंटरवर दिला. आतून निरोप आला, “मॅडम, खातं इनऑपरेटिव्ह आहे. पैसे निघणार नाहीत.”

आमचे अध्यक्ष काका आजारी पडले आणि पुढे वारले. त्या काळात मंडळाने नाटक केलं नव्हतं, त्यामुळे खात्यावर व्यवहार नव्हता. खातेदाराने स्वतः केलेला व्यवहार दोन वर्षं नसेल तर खातं निष्क्रिय होतं. बँकेने जमा केलेलं व्याज यात धरलं जात नाही. नाटकाचं मंडळ वर्षातून एकदा पैसे काढतं आणि एकदा भरतं. एखाद-दोन हंगाम चुकले की खातं झोपलंच. यात मंडळाने काय गैर केलं?

“केवायसी द्या, चालू होईल,” असं पहिल्यांदा सांगितलं. संस्थेचं पॅन, नोंदणी प्रमाणपत्र, सार्वजनिक न्यास नोंदणीचा उतारा, आम्हा दोघांचे आधार आणि फोटो, सगळं नेऊन दिलं. मग म्हणाले, अध्यक्षांना घेऊन या. अध्यक्ष वारले म्हटलं, तर मृत्यूचा दाखला मागितला. तो दिला. पुढच्या वेळी टेबलावरच्या साहेबांनी चक्क वारसांचं संमतीपत्र मागितलं. मी म्हटलं, “साहेब, हे संस्थेचं खातं आहे. काकांच्या मुलांचा या पैशाशी संबंध काय?” ते म्हणाले, “सिस्टीममध्ये नाव त्यांचं आहे, मी काय करू?” काकांच्या घरी जाऊन हे बोलायची माझी जीभ रेटली नाही. ते मागणंच चुकीचं होतं, म्हणून मी गेलेही नाही.

मग त्या साहेबांची बदली झाली. नवीन मॅडम आल्या आणि फाईल पहिल्यापासून सुरू. आमचे आधीचे कागद शाखेत सापडेनात. मॅडम म्हणाल्या, नवा अध्यक्ष निवडला असेल तर धर्मादाय कार्यालयाचा बदल अर्ज मंजूर झाल्याचा आदेश आणा, त्याशिवाय काहीच होणार नाही. बदल अर्ज, म्हणजे पदाधिकारी बदलल्याची नोंद करून घेण्याचा अर्ज, आम्ही दिलेला होता. विश्वस्त व्यवस्था अधिनियमाच्या कलम २२ प्रमाणे बदल झाल्यापासून ९० दिवसांत तो द्यावा लागतो. आमच्याकडे त्याची पोच होती. पण अंतिम आदेश व्हायला वेळ लागतो, नोटीस आणि हरकतींची मुदत असते. तोपर्यंत पैसे तसेच ठेवायचे?

इकडे गावात उसनवारी वाढत चालली होती. परभणीहून आणलेल्या लाइटचं भाडं, टेम्पोवाला, रंगभूषाकार. सगळ्यात मोठी रक्कम मिस्त्री मामांची. प्लाय आणि रंगाचे पैसे त्यांनी स्वतः घातले होते, बक्षीस आलं की देतो या शब्दावर. ते बाजारात भेटायचे, नाटकावर भरभरून बोलायचे, पैशाचा विषय एकदाही काढायचे नाहीत. ते मला फार टोचायचं. शासनाने पैसे दिले, आमच्या खात्यात आले, पासबुकावर दिसतात, आणि ज्याच्या हाताला बक्षीस मिळालं त्याला आम्ही देऊ शकत नाही. त्या काउंटरवरून परत येताना रागाने हात थरथरायचे.

इथेच एक सांगून ठेवते, नंतर राहून जाईल. संस्थेचं नाव सगळ्या कागदांवर अक्षर न् अक्षर सारखं आहे का ते आत्ताच तपासा. आमच्या पॅनवर ‘नाट्य’ आणि ‘मंडळ’ यांच्यात जागा आहे, बँकेच्या नोंदीत ते एक शब्द आहेत. एवढ्यावरून एक चक्कर गेली.

मार्ग निघाला तो दोन गोष्टींमुळे. माझा एक जुना विद्यार्थी नांदेडला दुसऱ्या बँकेत आहे. त्याला फोन केला तर तो म्हणाला, “बाई, नियम वाचा, नुसते हेलपाटे नका घालू.” त्याने रिझर्व्ह बँकेचं १ जानेवारी २०२४ चं परिपत्रक पाठवलं. ते १ एप्रिल २०२४ पासून लागू झालं. निष्क्रिय खातं चालू करायला बँक शुल्क घेऊ शकत नाही. अशा खात्यात किमान शिल्लक नाही म्हणून दंड लावू शकत नाही. केवायसीचे कागद आपल्याच शाखेत द्यावेत असंही नाही, त्या बँकेच्या कोणत्याही शाखेत देता येतात. आणि पूर्ण अर्ज मिळाल्यावर तीन कामकाजाच्या दिवसांत बँकेने त्याचा निपटारा करायचा आहे. मी ते छापून घेतलं, त्या ओळींखाली रेघा मारल्या.

दुसरी गोष्ट आमच्या कपाटात होती. मॅडमचा सगळा जोर अध्यक्षांच्या सहीवर होता, आणि मला पक्कं आठवत होतं की खातं उघडताना तसं ठरलं नव्हतं. खातं उघडल्याचा मूळ फॉर्म शाखेत नव्हता. मधल्या काळात बँकच दुसऱ्या बँकेत विलीन झाली, तेव्हा जुने कागद कुठल्याशा रेकॉर्ड रूमला गेले म्हणे. मग मंडळाची इतिवृत्ताची वही काढली. खाकी कव्हरची, कोपरे दुमडलेली. चहाचा हिशोब, तालमीच्या हजेऱ्या, मेकअपच्या सामानाची यादी, आणि मध्ये काकांच्या अक्षरातला ठराव: खात्याचा व्यवहार अध्यक्ष, सचिव आणि कोषाध्यक्ष या तिघांपैकी कोणत्याही दोघांच्या सहीने होईल. त्याची प्रत बँकेला दिल्याची नोंद, आणि खाली तेव्हाच्या शाखेचा गोल शिक्का. मला त्या पानाचं काय करू नि काय नको असं झालं.

म्हणजे नवे अध्यक्ष खात्यावर यायचे तेव्हा येवोत. आम्ही दोघं जिवंत आहोत, दोघांच्या सह्या बँकेत आहेत, दोघांचं केवायसी दिलेलं आहे. खातं चालू करायला आणि चेक वटवायला एवढं पुरेसं होतं. हे पहिल्या दिवशी खिडकीवरच कुणीतरी सांगायला हवं होतं.

मी लेखी अर्ज केला. ठरावाची सत्यप्रत, परिपत्रकाचं पान, सगळे कागद परत एकदा, आणि जोडलेल्या कागदांची क्रमवार यादी. आणखी काही कागद हवा असल्यास तो लेखी कळवावा, असं शेवटी लिहिलं. हे वाक्य अर्जात घालाच. तोंडी मागण्या रोज बदलतात, लिहून द्यायची वेळ आली की माणूस नियम उघडून बघतो. शाखेने पोच द्यायला नकार दिला. आवक शिक्का मारणारा शिपाई आज नाही, असं कारण सांगितलं. मी तिथून सरळ पोस्टात गेले आणि तोच अर्ज स्पीड पोस्टाने शाखेला पाठवला. संध्याकाळी त्याची स्कॅन प्रत बँकेच्या तक्रार निवारण अधिकाऱ्याला ईमेल केली. तो पत्ता प्रत्येक बँकेच्या वेबसाइटवर असतो, शाखेतही लावलेला असायला हवा. तक्रारीचा क्रमांक आला. बँकेला लेखी तक्रार करून ३० दिवसांत उत्तर नाही आलं किंवा पटलं नाही, तर बँकांविरुद्धच्या तक्रारी ऐकणाऱ्या रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे जाता येतं, तेही फुकट. १४४४८ वर फोन करून माहिती मिळते. आमच्यावर लोकपालाची वेळ आली नाही. वरून फोन फिरला असावा. मॅडमनी स्वतः बोलावून घेतलं, दोन सह्या घेतल्या आणि त्याच आठवड्यात खातं चालू झालं. एकही नवा कागद लागला नाही!

पैसे निघाले त्या दिवशी बँकेतून निघून आधी मामांच्या दुकानात गेलो. त्यांनी मोजलेसुद्धा नाहीत, ड्रॉवरमध्ये ठेवले आणि पुढच्या नाटकात पायऱ्या फिरत्या करता येतील का यावर बोलायला लागले. कोषाध्यक्षांनी पावतीवर त्यांची सही मात्र घेतली. ऑडिटला ती लागते, ओळखीच्या माणसाकडूनही घ्या.

राहिलेल्या गोष्टी जशा आठवतील तशा सांगते. नाटक नसलेल्या वर्षीही संस्थेच्या खात्यावर एखादा छोटा व्यवहार करत राहा, शंभर रुपये भरले तरी चालतात. बँक विलीन झाली असेल तर प्रवेशिकेसोबत जुन्या चेकबुकातला रद्द केलेला चेक देऊ नका, त्यावरचा आयएफएससी कोड जुना असतो. सह्यांचे अधिकार तिघांकडे ठेवा आणि ‘कोणतेही दोन’ हे शब्द ठरावात स्पष्ट लिहा. त्या ठरावाची बँकेचा शिक्का असलेली प्रत इतिवृत्तात चिकटवा. पदाधिकारी बदलला की बदल अर्ज ९० दिवसांच्या आत टाका आणि त्याची पोच फोटो काढून दोघा-तिघांच्या फोनमध्ये ठेवा.

खात्याची नोंद फोनवर बघता यावी म्हणून नेट बँकिंगचा अर्ज दिला आहे, तो अजून त्याच शाखेत पडून आहे. या वेळी पोच घेतली आहे. पुढच्या प्रवेशिकेच्या आधी तोही मार्गी लावणार आहे.