कुणाचो रे तू?

वेल्समधल्या एका पबात एका म्हाताऱ्याने दुसऱ्याच संध्याकाळी मला वेल्श भाषेतलं एक वाक्य घोकून घेतलं. "होगिन पुइ उइत ती?" म्हणजे, कुणाचा मुलगा तू? व्याकरण नंतर शिक म्हणाला, गावात आधी हे लागतं. मला हसू आलं. वेंगुर्ल्याला आमच्या आजीच्या खळ्यात पाऊल टाकणाऱ्या प्रत्येक पोराला हाच प्रश्न व्हायचा, "कुणाचो रे तू?" नुसतं नाव सांगून भागायचं नाही. नाव काय, कुणीही ठेवतं.

मी आठवडाभर वेल्श शिकायला गेलो होतो. लिथवाइन हे वायव्य वेल्समधलं, डोंगराच्या अंगावरचं एवढंसं गाव. त्यातल्या पहिल्या 'ल'चा खरा उच्चार आपल्याकडे नाही. जीभ 'ल'च्या जागी टेकवायची आणि बाजूंनी हवा फुंकायची. चिडलेल्या बदकासारखा आवाज आला की जमलं. गावाच्या खाली, समुद्रालगत, नान्त गुर्थेर्न. दगडखाण बंद पडल्यावर ओस पडलेली कामगारांची वाडी. त्या भागातल्या एका डॉक्टरांच्या पुढाकाराने १९७८ साली ट्रस्ट उभा राहिला, घरांच्या दोन रांगा दुरुस्त झाल्या, आणि आता तिथे आमच्यासारखे विद्यार्थी राहतात.

दिवसभर क्रियापदं. संध्याकाळी तो उभा चढ चढून, धापा टाकत, वर ताव्हर्न अ व्हिकमध्ये. हा पब १९८८पासून गावाच्याच मालकीचा आहे, लोकांनी शेअर घेऊन चालवलेला. त्यामुळे गिऱ्हाईक कोण आणि मालक कोण हे बाहेरच्याला कळत नाही, आणि बिअरपासून छपरापर्यंत प्रत्येक गोष्टीवर प्रत्येकाचं मत असतं. पहिल्या दिवशी मी छत्री घेऊन गेलो. कोकणातला माणूस, पाऊस दिसला की छत्री. वाऱ्याने ती दारातच उलटी केली. सगळा पब बघत होता. तिथे छत्री कुणी वापरतच नाही, हे मला नंतर समजलं.

बुधवारी मी कुणाला तरी म्हणालो, "मला जोन्सनी सांगितलं." तीन माना वळल्या.

यात त्यांचा दोष नाही. पूर्वी वेल्श माणसाला आडनाव नव्हतंच. 'आप' किंवा 'आब' म्हणजे अमक्याचा मुलगा. आप हाउएलचा पुढे पॉवेल झाला, आप रिसचा प्राइस, आब ओवेनचा बोवेन. १५३६ आणि १५४३च्या कायद्यांनी वेल्स इंग्लंडला जोडलं गेलं, दप्तरात कायमचं आडनाव लागायला लागलं, आणि बापाचं नाव पुढच्या पिढ्यांना चिकटलं ते चिकटलंच. बापांची नावं तरी किती? जॉन, डेव्हिड, विल्यम, इव्हान. म्हणून जिकडे तिकडे जोन्स, डेव्हिस, विल्यम्स, इव्हान्स. गंमत म्हणजे जुन्या वेल्श मुळाक्षरांत 'ज' नाहीच! तरी २००६ साली कार्डिफच्या एका सभागृहात १,२२४ जोन्स एकत्र जमले होते, विक्रम करायला. वेल्श पलटणीत तर शिपायाच्या नंबराचे शेवटचे आकडे आडनावाला जोडून हाक मारतात. जोन्स पंचेचाळीस, हजर.

सरकारने दिलेलं नाव असं कुचकामी ठरल्यावर गावाने आपलं दुसरं नाव पाडलं. दूध घालणारा तो जोन्स लाइथ, कोळसा आणणारा विल ग्लो. समोर एकच दात उरलेल्या माणसाला, 'सेंट्रल हीटिंग'वरून, 'सेंट्रल ईटिंग' म्हणतात हा विनोद वेल्सभर फिरतो. आपले कुलकर्णी, देशपांडे, जोशी असेच कामावरून पडले की. फक्त आपण काम सोडलं आणि नाव धरून बसलो.

माझं आडनाव आजगावकर. अर्थ विचारला, मी सांगितला, आजगावचा. म्हाताऱ्याने मान डोलावली. "म्हणजे शेतावरून पडलेलं." शेतकऱ्याला तिथे शेताच्या किंवा घराच्या नावानेच ओळखतात. चॅपलच्या आवारातल्या थडग्यांवरही माणसाच्या नावाखाली शेताचं नाव कोरलेलं असतं. नाहीतर कुठला जोन्स गेला, हे कसं कळणार?

पण घरंच विकली जातात. सुट्टीपुरते येणारे घेतात, दारावरची पाटी बदलतात. ग्विनेद परगण्याने २०२३पासून अशा दुसऱ्या घरांवर दीडशे टक्के जादा कर लावला आहे. म्हातारा मला रस्त्यावरची घरं ओळीने सांगत होता, कुठलं कुणाचं, तिथून कुणाचं नाव पडलं. एका अंधाऱ्या खिडकीपाशी थांबला. "आता काहीतरी सी व्ह्यू आहे," एवढंच म्हणाला आणि पुढच्या घराकडे गेला.

शुक्रवारी रात्री निघताना माझी मोडकी छत्री पबमध्येच राहिली. मुद्दाम नाही, पण शोधलीही नाही. शनिवारी सकाळी सामान बांधत होतो तर ती दाराशी ठेवलेली. तुटलेली काडी कुणीतरी तारेने बांधली होती, आणि मुठीला दोऱ्याने पुठ्ठ्याचा तुकडा अडकवला होता. त्यावर पेन्सिलीने एकच शब्द: अंबरेल.

वेल्शमध्ये अंबरेल म्हणजे छत्री. आता छत्रीवर 'छत्री' असं कोण लिहून ठेवतं?