बाराटांगला जाताना: जारवांच्या जंगलातून जाणारी वाट

सेल्युलर जेलसाठी श्री विजयपुरमला (जुनं पोर्ट ब्लेअर) येणारी मराठी मंडळी बाराटांग बेटाची सहलही हमखास घेतात. चुनखडीच्या गुहा आणि खारफुटीतली बोटफेरी खरंच सुंदर आहे. पण रस्ता जारवा या आदिवासी जमातीच्या राखीव जंगलातून जातो. म्हणून आधी गावातलं मानववंशशास्त्र संग्रहालय बघा आणि मगच बाराटांगला निघा.

संग्रहालय सोमवारी बंद असतं. दीड तास तरी हाताशी ठेवा. जारवांचं झाडाच्या सालीचं छातीकवच आणि बाण नीट बघा. लोखंड गाळायची कला त्यांच्याकडे नव्हती. फुटलेल्या जहाजांतून आणि वस्त्यांतून मिळालेलं लोखंड ठोकून ते बाणाला टोक करत. जारवा, ओंगी, सेंटिनेली आणि ग्रेट अंदमानी हे अंदमानचे शिकारी-संकलक. निकोबारी मात्र वेगळेच: नारळबागा, डुकरं आणि ‘तुहेत’ नावाचं मोठं एकत्र कुटुंब. त्यांची संख्या सत्तावीस हजारांच्या घरात आहे, तर 2011 च्या जनगणनेत जारवा 380 आणि ग्रेट अंदमानी अवघे 44 होते. ग्रेट अंदमानींनी 17 मे 1859 ला इंग्रजांच्या वसाहतीवर चाल केली होती. त्या अ‍ॅबर्डीनच्या लढाईचं स्मारक वॉटर स्पोर्ट्स कॉम्प्लेक्समध्ये आहे. जेलइतकंच तेही आवर्जून बघण्यासारखं आहे.

बाराटांगसाठी पहाटे साडेतीनच्या आसपास निघावं लागतं, कारण जिरकाटांग नाक्यावरून बंदोबस्तात जाणाऱ्या गाड्यांचा पहिला ताफा सकाळी सहाला सुटतो. प्रत्येकाचं मूळ ओळखपत्र आणि एक झेरॉक्स जवळ ठेवा. परवान्याच्या फॉर्मवरचं नाव ओळखपत्राशी जुळलं नाही, तर गाडी रांगेतून बाहेर काढतात. नाश्ता आणि स्वच्छतागृह नाक्यावरच उरकून घ्या, कारण पुढचे सुमारे 50 किलोमीटर गाडी कुठेही थांबत नाही. मिडल स्ट्रेटला फेरीबोटीने खाडी ओलांडायची, मग स्पीडबोटीने अर्धा तास, आणि शेवटी गुहेपर्यंत दीडेक किलोमीटर चालायचं. परतीचा शेवटचा ताफा दुपारी तीनच्या सुमारास असतो, पण वेळा बदलतात. उतरल्याबरोबर विचारून घ्या. मातीच्या ज्वालामुखीत वेळ घालवून ताफा चुकवू नका.

जंगलात काचा वर, मोबाइल पिशवीत. जारवांचा फोटो काढणं, त्यांना खाऊ देणं, गाडी थांबवणं हे सगळं गुन्हा आहे. आदिवासींच्या संरक्षणासाठी केलेल्या 1956 च्या नियमनात 2012 साली शिक्षा वाढवली ती उगाच नाही. त्याच वर्षी जारवा स्त्रियांना पर्यटकांसमोर नाचायला लावल्याचा व्हिडिओ जगभर गाजला होता. बाहेरच्यांशी संपर्क सुरू झाल्यावर 1999 मध्ये त्यांच्यात गोवराची साथही पसरली. बिस्किटाच्या पुड्याबरोबर तंबाखू जाते आणि आजार जातात. सर्वोच्च न्यायालयाने 2002 मध्ये राखीव भागातला हा रस्ता बंद करायला सांगितलं होतं, तरी वाहतूक चालूच आहे. ‘जारवा दिसतील’ असं म्हणून गिऱ्हाईक ओढणारा एजंट टाळा. ड्रायव्हरला निघण्यापूर्वीच स्पष्ट सांगा: कोणी दिसलं तरी वेग कमी करायचा नाही.

उत्तरेला रंगत, मायाबंदर, डिगलीपूर करायचं असेल तर या रस्त्याला पर्याय आहे: रंगतपर्यंत सरकारी बोट. तिकीट काही दिवस आधी काढा. समुद्र खवळला की फेरी रद्द होते, म्हणून परतीच्या विमानाआधी एक मोकळा दिवस ठेवा.