किल्ली नेमकी कोणाची?

सांगलीच्या मार्केट यार्डातील एका हळदीच्या पेढीचे हिशेब मी पाहतो. वर्षअखेरची कागदपत्रे साताऱ्याच्या लेखापरीक्षकांकडे पाठवायची होती आणि त्यांत शेतकऱ्यांचे बँक खाते क्रमांक असल्यामुळे ती कूटबद्ध करूनच पाठवावीत, असा आग्रह मी धरला. ग्नूपीजी हे कूटबद्ध करण्याचे सॉफ्टवेअर बसवून स्वतःच्या किल्ल्यांची जोडी (फाइल बंद करणारी सार्वजनिक आणि ती उघडणारी खासगी) तयार करायला अर्धा तासही लागला नाही.

खरे काम पुढेच होते. सार्वजनिक किल्ल्या जिथे सर्वांसाठी ठेवल्या जातात, त्या की-सर्व्हरवर लेखापरीक्षकांच्या नावाच्या दोन किल्ल्या सापडल्या. जुनी ती भरवशाची, असे समजून मी तिनेच फाइल बंद केली आणि ती त्यांना उघडता आली नाही. त्या किल्लीचा पासफ्रेज, म्हणजे लांब पासवर्ड, ते केव्हाच विसरले होते आणि किल्ली बाद झाल्याचे जाहीर करणारे रद्द करण्याचे प्रमाणपत्र काढून न ठेवल्यामुळे ती तिथे तशीच पडून होती. माझी चूक मात्र याहून गंभीर होती. किल्लीवरचे नाव बनवणारा स्वतः लिहितो, तारीख त्याच्या संगणकाच्या घड्याळावरून पडते आणि अनेक की-सर्व्हर यांतले काहीच तपासत नाहीत. डिफी आणि हेलमन या संशोधकांनी 1976 मध्ये मांडलेल्या सार्वजनिक किल्लीच्या कल्पनेमुळे गुपित आधी पोहोचवण्याची गरज संपली, पण समोरची किल्ली कोणाची, हे आपल्यालाच ठरवावे लागते.

म्हणून दुसऱ्या किल्लीचा ठसा, म्हणजे तिच्यातूनच निघणारा लांब ओळखक्रमांक, लेखापरीक्षकांशी ताडून पाहायचे मी ठरवले. "शेवटची आठ अक्षरे जुळली की झाले ना?" असे त्यांनी विचारले. मी नको म्हणालो, कारण तेवढी अक्षरे जुळणारी दुसरी किल्ली साध्या संगणकावरही बनवता येते; लिनक्सचे जनक लायनस टॉरवाल्ड्स यांच्या किल्लीची अशी नक्कल 2016 मध्ये की-सर्व्हरवर आढळली होती. म्हणून ई-मेलखालच्या क्रमांकावर नव्हे, तर पेढीच्या वहीत कित्येक वर्षांपासून असलेल्या क्रमांकावर मी फोन लावला. ठशाची चाळीस अक्षरे, चार-चारांचे दहा गट, ते वाचत गेले आणि मी पडद्यावर पेन्सिलीचे टोक ठेवून ताडत गेलो. बी, डी आणि ई फोनवर सारखेच ऐकू येतात. सातव्या गटात अडलो, तेव्हा "बी, बारामतीचा" असे त्यांनी सांगितले आणि पुढे प्रत्येक अक्षराला गावाचे नाव लागले. दहावा गट जुळल्यावरच मी त्या किल्लीवर माझी स्थानिक सही केली, म्हणजे ती त्यांचीच असल्याची माझ्यापुरती नोंद केली.

फाइल त्याच संध्याकाळी उघडली. माझ्या किल्लीचे रद्द करण्याचे प्रमाणपत्र कागदावर छापून मी पेढीच्या तिजोरीत ठेवले आहे आणि त्यांनीही त्यांचे काढून घेतले आहे.