साडेतीन ऑपरेशनांचा जॉनी

आज ऑफिसच्या टोळक्याबरोबर अटलांटात ब्रेव्ह्ज या तिथल्या बेसबॉल टीमची मॅच बघितली. आठव्या इनिंगला बुलपेनमधून (राखीव बॉलर वॉर्म-अप करतात ती जागा) रिलीव्हर, म्हणजे मधेच बदली येणारा बॉलर, पळत आला आणि शेजारच्या सीटवरचे आजोबा ब्रेव्ह्जच्या जुन्या रिलीव्हरवर, जॉनी व्हेंटर्सवर सुरू झाले. डावखुरा, सिंकर असा की बॅटरपाशी येऊन बॉल खालीच जायचा. 2011 च्या सीझनमध्ये ब्रेव्ह्जने 162 पैकी 85 मॅचेसना याला बॉलिंगला उभं केलं! शिवाय वॉर्म-अप करून नुसतंच बसवून ठेवलं ते वेगळंच, ते कुठल्याच हिशोबात धरत नाहीत. पार पिदवला बिचाऱ्याला.

कोपराचा लिगामेंट (हाडांना जोडणारा पट्टा) 2005 लाच एकदा बदलला होता. 2013 ला पुन्हा, 2014 ला तिसऱ्यांदा. शरीरात दुसरीकडून स्नायूबंध काढायचा, हाडात भोकं पाडून ओवायचा, मग वर्षभर फिजिओ. 2016 ला आणखी एक, पण पूर्ण न बदलता नुसतीच दुरुस्ती, म्हणून 'साडेतीन' म्हणतात. 2012 नंतर थेट एप्रिल 2018 ला टॅम्पा बे या टीमकडून मेजर लीगमध्ये (तिथल्या सगळ्यात वरच्या लीगमध्ये) परतला! त्याच वर्षी ब्रेव्ह्जने परत घेतलं, नॅशनल लीगचा (मेजर लीगच्या दोन भागांपैकी एक) त्या वर्षीचा कमबॅक प्लेयरही ठरला. 2019 नंतर मात्र मेजर लीगमध्ये दिसला नाही.

आजोबांनी फोनवर त्याचा क्लिप लावून दिला. मॅच राहिली बाजूला, आम्ही सगळे त्या कोपराकडेच बघत बसलो.